घरचे एक्केचाळीस, बाहेरचे एक्केचाळीस



आज मी आपल्याशी एका वेळापत्रकाविषयी बोलणार आहे. वेळापत्रक म्हटलं की आपल्याला एसटी आठवते, नाहीतर शाळेच्या फळ्याशेजारी चिकटवलेला तासांचा तक्ता. कवीनं त्यावर काय बोलावं, असंही वाटेल. पण कविता लिहिणारा माणूस मात्रा मोजतो, आणि गझल लिहिणाऱ्याला तर रदीफ-काफियाच्या चौकटीतच जे बोलायचं ते बोलावं लागतं. त्यामुळे घट्ट चौकटी मला मुळातच आवडतात. आणि मी पाहिलेल्या चौकटींपैकी सर्वांत घट्ट म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉलचं वेळापत्रक.

नॅशनल बास्केटबॉल असोसिएशन, म्हणजेच एनबीए, हे नाव आपल्याकडच्या तरुण मुलांना सांगावं लागत नाही. थोरांसाठी सांगतो. ऑक्टोबर २०१९ मध्ये मुंबईत वरळीला या लीगमधल्या सॅक्रामेंटो आणि इंडियाना या दोन संघांनी लागोपाठ दोन दिवस सामने खेळले. भारतातले हे लीगचे पहिले सामने. त्यातल्या सॅक्रामेंटो संघाचे प्रमुख मालक विवेक रणदिवे हे मुंबईत जन्मलेले. पण ते दोन्ही सामने हंगामापूर्वीचे, सरावाचे होते. ज्या वेळापत्रकाविषयी मी बोलतोय, त्यात त्यांची मोजदाद नाही.

मोजदाद अशी आहे. संघ ३०. प्रत्येकाचे सामने ८२. त्यातले ४१ आपल्या गावी, ४१ दुसऱ्याच्या गावी. एकूण सामने १२३०, आणि ते ऑक्टोबरच्या उत्तरार्धापासून एप्रिलच्या मध्यापर्यंत, सहा महिन्यांच्या आतच बसवायचे. पूर्व आणि पश्चिम असे पंधरा-पंधरा संघांचे दोन भाग आहेत. पलीकडच्या भागातल्या प्रत्येक संघाशी दोनदा गाठ पडते, एकदा इथं, एकदा तिथं. आपल्याच भागातल्या दहा संघांशी चारचारदा आणि उरलेल्या चौघांशी तीनदा. आता तीन ही संख्या दोघांत सारखी वाटता येत नाही. मग या चौघांपैकी दोघांशी घरी दोनदा आणि त्यांच्याकडे एकदा, उरलेल्या दोघांशी उलट. हे तीनवाले चार कोण, तेही वर्षागणिक आळीपाळीनं बदलतं. २०२३ पासून हंगामाच्या पोटातच एक चषक स्पर्धा सुरू झाली आहे, त्यामुळे ऑगस्टमध्ये ८० सामनेच जाहीर होतात, दोन जागा रिकाम्या ठेवतात आणि डिसेंबरात भरतात. इतका हिशेब पुरे.

आपल्या मराठी वार्ताहरांनी यासाठी फार छान शब्द वापरले आहेत, यजमान संघ आणि पाहुणा संघ. फक्त आपल्याकडे पाहुणा आला की आधी पाण्याचा तांब्या पुढे करतात. तिथं पाहुण्याची हुर्यो उडवतात. तो फ्री थ्रो टाकायला उभा राहिला की बास्केटमागचे हजारो लोक हात हलवून, ओरडून त्याचं चित्त विचलित करतात.

कुणी म्हणेल, यात अवघड काय? एक सामना घरी, एक बाहेर, एक घरी, एक बाहेर, असं लावून टाका. मीही आधी असंच धरून चाललो होतो, पण कागदावर मांडून पाहिलं की गंमत कळते. समजा, रोज सगळ्याच संघांचे सामने आहेत. सतत आलटूनपालटून खेळायचं तर दोनच तऱ्हा आहेत. पहिला सामना घरी, किंवा पहिला सामना बाहेर. आता दोन संघांची तऱ्हा एकच असेल, तर ते दोघं एकाच दिवशी घरी असणार आणि एकाच दिवशी बाहेर असणार. मग त्यांची भेट व्हायची कशी? दोघेही आपापल्या दारात वाट पाहत उभे! म्हणजे अशी निर्दोष अदलाबदल फार तर दोन संघांच्या नशिबी येते. बाकीच्या सगळ्यांना कुठं ना कुठं लागोपाठ घरी राहावं लागतं किंवा लागोपाठ बाहेर. एकाचं घर टिकायचं तर दुसऱ्यानं उठून प्रवासाला लागायलाच हवं.

शिवाय देश केवढा! मायामीपासून पोर्टलंडपर्यंत विमानानं साडेचार हजार किलोमीटरच्या आसपास. एक सामना खेळून घरी परतायचं आणि पुन्हा जायचं हे परवडणारं नाही. म्हणून एकदा पश्चिमेला गेलं की चार-पाच गावं करूनच परतायचं, असे दौरे आखले जातात.

पूर्वी हे सगळं एक माणूस कागद-पेन्सिलीनं करत असे. एडी गॉटलीब त्याचं नाव. १८९८ मध्ये किव्ह शहरातल्या ज्यू कुटुंबात जन्मलेला, लहानपणीच आई-वडिलांबरोबर अमेरिकेत आलेला. तो फिलाडेल्फिया वॉरियर्स संघाचा प्रशिक्षक होता, पुढे मालकही झाला. आणि जवळपास तीस वर्षं, १९७९ साली मृत्यू येईपर्यंत, साऱ्या लीगचं वेळापत्रक त्यानं लावलं. त्याच्यानंतर काही वर्षांनी मॅट विनिक या अधिकाऱ्याकडे हे काम आलं आणि त्यानंही ते तीसेक वर्षं केलं. आता संगणक हजारो पर्याय काढून देतो, तरी शेवटी माणसांनाच त्यातून निवड करावी लागते, कारण प्रत्येक पर्यायात कुणाचं तरी दुखतंच.

गॉटलीबची एक गोष्ट मला विशेष वाटते. बास्केटबॉलमधला सर्वांत गाजलेला विक्रम म्हणजे विल्ट चेंबरलेननं एकाच सामन्यात केलेले १०० गुण. तारीख २ मार्च १९६२. चेंबरलेन फिलाडेल्फियाचा आणि न्यूयॉर्कविरुद्धचा तो सामना फिलाडेल्फियाचा ‘घरचा’ सामना होता. पण खेळला गेला हर्शी नावाच्या गावी, फिलाडेल्फियापासून दीडेकशे किलोमीटरवर. चॉकलेटच्या कारखान्यासाठी प्रसिद्ध असलेलं हे गाव. नवे प्रेक्षक मिळावेत म्हणून आपले काही घरचे सामने संघ तिकडे नेत असे. त्या रात्री अवघे ४१२४ प्रेक्षक होते आणि दूरदर्शनचा कॅमेरा नव्हता. म्हणजे लीगमधला सर्वांत मोठा घरचा पराक्रम घरच्यांनी पाहिलाच नाही. त्याच वर्षी गॉटलीबनं संघ विकला आणि संघ थेट सॅन फ्रान्सिस्कोला गेला.

घर म्हणजे काय, हा प्रश्न वेळापत्रकवाल्यापुढे फार साध्या रूपात येतो. त्या दिवशी हॉल रिकामा आहे का? ही मोठाली बंदिस्त स्टेडियमं फक्त बास्केटबॉलसाठी नसतात. तिथं गाण्याचे जलसे होतात, बर्फावरची हॉकी होते. म्हणून प्रत्येक संघाला ४१ सामन्यांसाठी ४१ पेक्षा बऱ्याच जास्त मोकळ्या तारखा लीगला आधी द्याव्या लागतात. लॉस एंजेलिसमध्ये तर १९९९ पासून २०२४ पर्यंत लेकर्स आणि क्लिपर्स हे दोन्ही संघ एकाच छताखाली नांदले, आणि सोबत हॉकीचा एक संघ. या दोघांचा आपसात सामना असला की एकजण आपल्याच इमारतीत पाहुणा. लेकर्सच्या विजेतेपदांचे झेंडे वर भिंतीवर लटकलेले असत. २०१३ पासून क्लिपर्सनी आपल्या यजमानपदाच्या दिवशी त्या झेंड्यांवर स्वतःच्या खेळाडूंची मोठी चित्रं टांगायला सुरुवात केली. एकाच वाड्यात दोन बिऱ्हाडं राहिलेल्यांना हे समजावून सांगायला नको.

शिकागोची तऱ्हा आणखी वेगळी. दर नोव्हेंबरात तिथल्या स्टेडियममध्ये रिंगलिंग ब्रदर्सची सर्कस उतरायची. मग शिकागो बुल्स संघ गाशा गुंडाळून पश्चिमेकडे निघायचा. मायकेल जॉर्डनसारखा खेळाडू संघात असला तरी सर्कस आली की घर सोडायचं! त्या दौऱ्याचं नावच ‘सर्कस ट्रिप’ पडलं होतं. २०१६ च्या नोव्हेंबरात तसा शेवटचा दौरा झाला. मे २०१७ मध्ये सर्कसच बंद पडली. सॅन अँटोनियोत मात्र अजून दर फेब्रुवारीत गुरांचं प्रदर्शन आणि रोडिओ भरतो, म्हणजे उधळलेल्या बैला-घोड्यांवर मांड टाकून बसण्याच्या शर्यती. तिथला स्पर्स संघ २००३ पासून त्या काळात दौऱ्यावर जातो. खेळाडू कुरकुरत असतील असं वाटतं. पण पहिल्याच वर्षी, २००३ मध्ये, हा संघ लीगचा विजेता ठरला. सतत एकत्र प्रवास, एकत्र जेवण, बाहेरचं जग बंद. लांबचा दौरा संघाला एकजीव करतो असं तिथले जाणकार म्हणतात, आणि ते मला पटतं.

पण शरीर शेवटी शरीर आहे. आज रात्री एका गावी सामना, तो संपला की विमान, पहाटे दुसऱ्या गावी, आणि संध्याकाळी पुन्हा सामना. याला तिथं ‘बॅक टू बॅक’ म्हणतात. त्यात दुसरं गाव डेन्व्हर असलं तर विचारूच नका. ते समुद्रसपाटीपासून बरोबर एक मैल उंचीवर वसलेलं आहे, पाहुण्याला धाप लागते आणि यजमान तिथंच रोज श्वास घेत असतो. ४१ बरोबर ४१, हिशेब चोख. पण एकाला डेन्व्हरला ताज्या दमानं जायला मिळतं आणि दुसऱ्याला जागरणानंतर, याची नोंद त्या ४१ मध्ये कुठं आहे? पूर्वी तर पाच रात्रींत चार सामनेही येत. डॉक्टर आणि खेळाडू सांगत राहिले, तेव्हा २०१७ च्या हंगामात लीगनं सुरुवात आठवडाभर अलीकडे ओढली आणि ‘पाचात चार’ बंद केलं. एकाच गावी एकाच संघाशी लागोपाठ दोन सामने खेळून एक विमानप्रवास वाचवण्याची पद्धतही अलीकडची, २०२० नंतरची.

इथं मला हकीम ओलाजुवान आठवतो. नायजेरियात जन्मलेला, ह्यूस्टनकडून खेळणारा हा उंचापुरा माणूस रमजानचे रोजे धरून सामने खेळत असे. मुसाफिराला रोज्यातून सवलत आहे. प्रवासात सुटलेले रोजे नंतर पुरे करावेत, चार रकातींची नमाज दोनच रकातींत अदा करावी, असं आमच्याकडे लहानपणीच शिकवतात. हंगामातला अर्धा काळ मुसाफिरीत काढणाऱ्याला ही सवलत किती सोयीची! लीगच्या वेळापत्रकाला नाताळ कळतो. त्या दिवशी मुद्दाम मोठमोठ्या संघांचे सामने ठेवतात, कारण सारा देश टीव्हीपुढे असतो. चंद्राचं पंचांग मात्र त्याला कळत नाही, आणि रमजान दर वर्षी सुमारे अकरा दिवसांनी अलीकडे सरकतो. १९९५ मध्ये तो १ फेब्रुवारीला सुरू झाला, ऐन हंगामात. ओलाजुवान रोजे धरून खेळला आणि त्या फेब्रुवारीचा सर्वोत्तम खेळाडू म्हणून लीगनं त्याचीच निवड केली.

आता, घरी खेळून मिळतं काय? १९८० च्या दशकात शंभरातले पासष्टच्या आसपास सामने यजमान जिंकत असत. पुढे संघांची स्वतंत्र विमानं आली, पाहुण्यांचे हाल कमी झाले, आणि हा आकडा साठाकडे व त्याखाली उतरत गेला. हा फायदा नक्की कशाचा, प्रवास न करण्याचा, आपल्या बिछान्यात झोपण्याचा की लोकांच्या आरोळ्यांचा, यावर अभ्यासक वाद घालत असत. २०२० साली करोनानं तो प्रयोगच करून दाखवला. ११ मार्चला हंगाम थांबला. जुलैअखेर तो पुन्हा सुरू झाला, पण २२ संघांना फ्लोरिडात डिस्नेच्या वसाहतीत एकत्र कोंडून. कुणीच प्रवास करत नव्हतं, कुणाचंच गाव नव्हतं. तरी कागदावर प्रत्येक सामन्याला एक यजमान होताच! त्याचं चिन्ह पडद्यावर झळकायचं, त्याच्या आवडीचं संगीत वाजायचं, आणि घरोघरी बसलेल्या प्रेक्षकांचे चेहरे मैदानाकडेच्या भल्यामोठ्या पडद्यांवर दिसायचे. पुढच्या, ७२ सामन्यांच्या हंगामात संघ आपापल्या गावी परतले, पण बरीच स्टेडियमं रिकामी किंवा अर्धीमुर्धी भरलेली. यजमानांचा विजयाचा आकडा ५४ च्या आसपास आला.

त्या हंगामात एका संघाला तर गावही मिळालं नाही. टोरांटो रॅप्टर्स हा लीगमधला कॅनडातला एकुलता एक संघ. सीमेवरच्या निर्बंधांमुळे अमेरिकेतल्या संघांना तिकडे ये-जा करणं अशक्य झालं, म्हणून रॅप्टर्सनी आपलं घर फ्लोरिडातल्या टँपा शहरात मांडलं. टोरांटोपासून सुमारे पावणेदोन हजार किलोमीटर दक्षिणेला. ‘आम्ही उत्तरेचे’ ही या संघाची घोषणा, आणि भोवती ताडामाडांची झाडं. अशी वेळ आधीही एका संघावर आली होती. २००५ च्या कतरिना वादळानंतर न्यू ऑर्लिन्सचा हॉर्नेट्स संघ दोन हंगाम बहुतेक घरचे सामने ओक्लाहोमा सिटीत खेळला. तोंडावर आलेल्या हंगामाचं वेळापत्रक तेव्हा काही आठवड्यांत पुन्हा लावावं लागलं, आणि संघाच्या नावात दोन्ही शहरं जोडली गेली. टोरांटोनं मात्र नाव बदललं नाही. सगळ्या तक्त्यांत टँपातले ३६ सामने ‘घरचे’ म्हणूनच छापले गेले.

२० ऑक्टोबर २०२१ च्या रात्री रॅप्टर्स पुन्हा टोरांटोत उतरले. आधीचा तिथला सामना २८ फेब्रुवारी २०२० चा, म्हणजे मध्ये बरोबर ६०० दिवस गेले होते. स्टेडियममध्ये माणसं परत आली होती, पाहुणा संघ वॉशिंग्टनचा होता. टोरांटो तो सामना ८३ विरुद्ध ९८ असा हरला.