हिंसेची साखळी आणि सिद्धगडाचा धडा

स्वातंत्र्ययुद्धात हिंसा चढत का जाते, या प्रश्नाचे उत्तर शोधण्यासाठी ठाणे-कल्याणच्या श्रोत्यांना फार दूर जावे लागत नाही. १९०९ साली बाबाराव सावरकरांना कविता प्रसिद्ध केल्याबद्दल काळ्या पाण्याची जन्मठेप झाली. त्याच वर्षी २१ डिसेंबरला नाशकात कलेक्टर जॅक्सनचा वध झाला आणि १९ एप्रिल १९१० रोजी अनंत कान्हेरे, कृष्णाजी कर्वे व विनायक देशपांडे यांना ठाण्याच्या तुरुंगात फाशी देण्यात आले. शब्दाला काळे पाणी, काळ्या पाण्याला गोळी, गोळीला फास! या साखळीची पहिली कडी राज्यसत्तेने घडविली होती.

९ ऑगस्ट १९४२ रोजी गांधीजींसह प्रमुख नेते गजाआड गेले. तेव्हा माथेरानचे वकील भाई कोतवाल यांनी कर्जत-मुरबाडच्या डोंगरपट्ट्यात आझाद दस्ता उभारला. त्यांनी लक्ष्य निवडले ते सह्याद्रीतील वीज मुंबईच्या गिरण्यांकडे नेणाऱ्या तारांचे मनोरे. युद्धकालीन अर्थव्यवस्थेची ती नस होती. हे धाडस एका रात्रीत उपजले नव्हते. सावकारी पाशातून गरीब शेतकऱ्यांना सोडविण्यासाठी कोतवालांनी आधी धान्यकोठ्या काढल्या होत्या. दस्त्याला आधार मिळाला तो या विश्वासाचा. २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडावर पोलिसांच्या गोळीबारात तीस वर्षांचे कोतवाल आणि हिराजी पाटील हुतात्मे झाले.

अल्जीरियात हीच साखळी लांबत गेली. मे १९४५ मध्ये सेतिफ येथे निदर्शकांवर गोळीबार झाला. त्यानंतरच्या उद्रेकात सुमारे शंभर युरोपीय मारले गेले आणि फ्रेंचांनी सूडापोटी हजारोंची कत्तल केली. १९५४ मध्ये सशस्त्र उठाव झाला. ऑगस्ट १९५५ मध्ये फिलिपव्हील परिसरात पुन्हा नागरिकांच्या हत्या आणि पुन्हा हजारोंचे बळी. १९६२ साली स्वातंत्र्य आले, ते लाखोंच्या प्रेतांवरून. याचे कारण अल्जीरियन माणसाचा स्वभाव नव्हे. तेथे सुमारे दहा लाख युरोपीय वसाहतवाले ठाण मांडून होते, उत्तम जमिनी त्यांच्या ताब्यात होत्या आणि त्यांना हक्क सोडायचे नव्हते.

सनदशीर वाटा बुजविणारी सत्ता हिंसेला आमंत्रण देते, हे खरेच. तथापि घाव कोणावर घालावयाचा आणि कोठे थांबावयाचे, ही मर्यादा लढणाऱ्यांनाच आखावी लागते. ती पाळण्याचे बळ बंदुकीतून येत नाही, लोकसंघटनेतून येते. आधी धान्यकोठी, मग मनोरा, हा सिद्धगडाचा क्रम आहे. तो उलटा करणाऱ्या चळवळीला अखेर सूडच चालवितो.