नाटककाराचा शब्द आणि बोलपट

बोलपट आला आणि रंगभूमीचे दिवस भरले, असा आक्रोश १९३२ सालीं ‘अयोध्येचा राजा’ पडद्यावर बोलूं लागल्यानंतर महाराष्ट्रांत ऐकूं येऊं लागला. पॅरिसमध्यें हा वाद त्यापूर्वींच पेटला होता. त्या गदारोळांत एक यशस्वी नाटककार मात्र आपण होऊन पडद्याकडे वळला. त्यांचें नांव मार्सेल पान्योल.

१८९५ सालीं दक्षिण फ्रान्समध्यें जन्मलेले पान्योल हे मूळचे इंग्रजीचे शिक्षक. १९२८ चें ‘तोपाझ’ व १९२९ चें ‘मारिउस’ या दोन नाटकांनीं त्यांना पॅरिसमध्यें मोठी कीर्ति मिळवून दिली. १९३० सालीं लंडनमध्यें त्यांनीं बोलपट पाहिला, आणि मुद्रणकलेनें ग्रंथासाठीं जें केलें तेंच बोलपट नाटकासाठीं करील, असें मत जाहीरपणें मांडलें. नाट्यव्यवसायांतील मंडळी रुष्ट झाली. चित्रपटाचें खरें बळ दृश्यांत, शब्दांत नव्हे, असें मानणारे रने क्लेर यांच्यासारखे दिग्दर्शकही विरुद्ध गेले.

‘मारिउस’चा बोलपट १९३१ सालीं पॅरामाउंटनें काढला, त्याची पटकथा पान्योल यांचीच होती व तो गाजला. पण १९३३ च्या ‘तोपाझ’ची पटकथा दुसऱ्याच लेखकाकडे सोंपविण्यांत आली. रंगभूमीवर नाटककाराच्या संमतीवांचून शब्द बदलत नाहीं. चित्रशाळेंत मात्र लेखक हा केवळ माल पुरविणारा ठरतो, हें येथें स्पष्ट झालें. पान्योल यांना तें पटलें नाहीं. त्यांनीं स्वतःची संस्था काढली आणि मार्सेय शहरीं स्वतःची चित्रशाळा व प्रयोगशाळा उभारली. ‘तोपाझ’ तर त्यांनीं १९३६ व १९५१ अशा दोन वेळां स्वतः पुन्हां चित्रित केलें!

स्वातंत्र्याचें खरें फळ मात्र निराळेंच निघालें. १९३४ चा ‘आंजेल’ हा चित्रपट त्यांनीं चित्रशाळेच्या भिंती सोडून आपल्या बाळपणच्या डोंगरांत घेतला. चित्रीकरण चालू असतां ते पुष्कळदां ध्वनिमुद्रणाच्या गाडींत बसून केवळ संवाद ऐकत, असें सांगतात. कान नाटककाराचा, पण त्या संवादांभोंवतीं आतां खरें ऊन होतें, खरी माती होती. ज्यांना केवळ ‘छापील नाटकाचा’ पुरस्कर्ता म्हणून हिणविलें गेलें, त्यांच्याच संस्थेच्या आधारानें ज्यां रन्वार यांचा ‘तोनी’ हा वास्तवदर्शी चित्रपट १९३५ सालीं तयार झाला.

१९४६ सालीं फ्रेंच अकादमीनें पान्योल यांची सभासद म्हणून निवड केली. त्याच वर्षीं, मूळ पडद्यासाठीं लिहिलेलें त्यांचें १९३६ चें ‘सेझार’ नाटकरूपानें पॅरिसच्या रंगभूमीवर आलें. पडद्यावर गेलेला शब्द असा पुन्हां रंगमंचावर परतला. रंगभूमीचा घात बोलपट करतो कीं नाहीं, हा वाद पुढेंही चालला. परंतु शब्दाचा धनी कोण, या प्रश्नाचें उत्तर पान्योल यांनीं वादानें नव्हे, तर पदरचा पैसा व परिश्रम खर्चून दिलें होतें.