खांदेरी बेटावरील दीपगृह

(इंदापूर येथे शिक्षक व पंचायत सदस्य यांच्यापुढे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



बारामती-इंदापूरच्या श्रोत्यांपुढे समुद्रातील दीपगृहाचा विषय मांडावा, हे प्रथमदर्शनी काहीसे विसंगत वाटेल. आपली नित्याची चिंता पाटाच्या पाण्याची आणि उसाच्या वजनाची. तथापि ज्या बेटाविषयी मी बोलणार आहे, त्याच्या इतिहासाचा एक धागा याच भूमीशी जोडलेला आहे. मालोजीराजे भोसले इंदापूरच्या लढाईत धारातीर्थी पडले. पुणे, सुपे, इंदापूर हे परगणे पुढे शहाजीराजांच्या जहागिरीत होते. या कोरडवाहू मुलखात ज्याची पायाभरणी झाली, त्या स्वराज्याने १६५७ मध्ये कल्याण-भिवंडी घेतली आणि आरमाराच्या उभारणीस हात घातला. त्यानंतर बावीस वर्षांनी मराठ्यांनी खांदेरीवर तट उभारला.

दुर्गाची उभारणी

अलिबागजवळच्या थळ गावासमोर, किनाऱ्यापासून काही किलोमीटर अंतरावर, खांदेरी व उंदेरी अशी दोन लहान बेटे आहेत. मुंबई बंदरात दक्षिणेकडून येणारी गलबते खांदेरीवरून सहज दृष्टीस पडतात. मुंबईचे इंग्रज आणि जंजिऱ्याचा सिद्दी या दोघांवर नजर ठेवण्यास याहून सोयीची जागा नव्हती. १६७९ च्या पावसाळ्याच्या अखेरीस शिवाजी महाराजांच्या आज्ञेवरून मायनाक भंडारी यांनी येथे बांधकाम सुरू केले. इंग्रजांनी जहाजे पाठवून बेटाची कोंडी करण्याचा प्रयत्न केला. परंतु वाऱ्यावर अवलंबून असलेली त्यांची मोठी जहाजे एकीकडे आणि उथळ पाण्यातून वल्ह्यांच्या बळावर निसटणारे मराठ्यांचे मचवे दुसरीकडे, असा तो सामना होता. १८ ऑक्टोबर १६७९ च्या लढाईत इंग्रजांचे 'डव्ह' हे गलबत दौलतखानाच्या आरमाराच्या हाती लागले. अखेर १६८० च्या आरंभी इंग्रजांनी समेट केला व बेट मराठ्यांकडे राहिले. त्याच सुमारास सिद्दीने शेजारची उंदेरी बळकावली. पुढे कान्होजी आंग्रे यांच्या काळात, १७१८ मध्ये, इंग्रजांनी खांदेरीवर पुन्हा चाल केली. तीही निष्फळ ठरली.

दुर्गावर दीप

मराठेशाही संपुष्टात आल्यावर तोफांचे प्रयोजन उरले नाही. बेटाचे मात्र उरले. मुंबईच्या कापसाच्या व्यापाराने बंदरातील वर्दळ वाढली होती. रात्रीच्या वेळी बंदराकडे वळणाऱ्या जहाजांना खडकांचा धोका होता. १८६७ मध्ये खांदेरीवर दीपगृह प्रज्वलित झाले. अष्टकोनी दगडी मनोरा, सुमारे २५ मीटर उंच, बेटाच्या टेकडीवर उभा राहिला. दोनच वर्षांनी, १८६९ मध्ये, सुएझ कालवा खुला झाला आणि युरोपचा जलमार्ग जवळ आला. १८७५ मध्ये कुलाब्याच्या टोकाशी प्राँग्ज दीपगृह उभे राहिले.

या बदलाकडे शिक्षकांनी विद्यार्थ्यांचे लक्ष अवश्य वेधावे. जे स्थान शत्रूची वाट अडविण्यासाठी निवडले गेले, तेच पुढे सर्वांना वाट दाखविण्यासाठी उपयोगी पडले. तोफेला आपला आणि परका हा भेद करावा लागतो. दीपगृहाला तो करता येत नाही. व्यापाऱ्याचे जहाज असो वा कोळ्याची होडी, प्रकाश सर्वांना सारखाच मिळतो.

उंचीचे गणित

दीपगृह टेकडीवर का बांधतात, याचे उत्तर पृथ्वीच्या गोलाईत आहे. समुद्रसपाटीपासून २५ मीटर उंचीवरून क्षितिज सुमारे १८ किलोमीटरवर असते. १०० मीटरवरून ते ३६ किलोमीटरवर जाते. म्हणजे अंतर दुप्पट करावयाचे तर उंची चौपट लागते. वर्गमुळाचा पाठ शिकविताना याहून चांगले उदाहरण क्वचितच मिळेल. दिव्याभोवती काचेच्या लोलकांची चौकट बसवून विखुरणारा प्रकाश एका झोतात आणण्याची युक्ती फ्रान्सच्या फ्रेनेल या शास्त्रज्ञाने १८२० च्या दशकात प्रत्यक्षात आणली. प्रत्येक दीपगृहाच्या उघडझापीचे अंतर ठरलेले असते. त्यावरून नाविक दिवा ओळखतो.

तेलाच्या दिव्यांच्या काळी दीपगृहांवरील रखवालदारांस काजळी पुसणे, वात सारखी करणे, नोंदवही लिहिणे ही कामे रोज करावी लागत. पावसाळ्यात होडी बेटाला लागणे कठीण होई. काम चोख झाले की कोणाच्या लक्षातही येत नसे. चुकले तरच त्याची वार्ता होई. सार्वजनिक सेवेतील पुष्कळशी कामे याच जातीची आहेत.

स्वातंत्र्योत्तर काळात देशातील दीपगृहांचा कारभार केंद्र शासनाच्या दीपगृह व दीपनौका महासंचालनालयाकडे आहे. १९२७ च्या कायद्याची जागा २०२१ च्या नव्या कायद्याने घेतली आहे. १९९८ मध्ये बेटास कान्होजी आंग्रे यांचे नाव देण्यात आले. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या १२ दुर्गांचा जागतिक वारसा यादीत समावेश केला. खांदेरी त्यांपैकी एक होय.

आपल्या पाण्याचा विचार

आता आपल्या तालुक्याकडे वळू. १९८० मध्ये पूर्ण झालेल्या उजनी धरणामुळे भीमेचे विस्तीर्ण जलाशयात रूपांतर झाले. पळसदेवचे प्राचीन मंदिर पाण्याखाली गेले. पाणी ओसरले की त्याचे शिखर दिसते. समुद्रात खडक, तसे येथे जुन्या गावांचे अवशेष बुडालेले आहेत. २१ मे २०२४ च्या सायंकाळी कुगावहून कळाशीकडे येणारी प्रवासी बोट वादळी वाऱ्यात उलटली आणि सहा जणांचा बळी गेला. ही घटना आपण विसरलेलो नाही.

उजनीच्या काठी मनोरा बांधावा, असे मी सुचवीत नाही. दीपगृहाचा अर्थ केवळ दिवा असा नाही. धोका घडण्यापूर्वी सांगणारी व्यवस्था असा आहे. वादळाची सूचना मिळताच धक्क्यावर लाल निशाण लावणे, बोटीत बसणाऱ्या प्रत्येकास जीवरक्षक जाकीट देणे, किती माणसे घ्यावयाची याचा फलक लावणे, बुडालेल्या भिंतींच्या जागी खुणेचे तरंगते पिंप ठेवणे, रोजच्या फेऱ्यांची नोंद करणे, ही कामे ग्रामपंचायतीच्या आवाक्याबाहेरची नाहीत. शाळांनी मुलांना पोहणे शिकविण्याचा उपक्रम हाती घ्यावा.

खांदेरीवर १८६७ मध्ये दिवा लागला, तो समुद्राने पुष्कळ बळी घेतल्यानंतरच्या शहाणपणातून. पाण्यापासून मिळणारा लाभ आपण पाटांनी व पंपांनी शेतापर्यंत आणला आहे. त्याच पाण्यावरून दररोज ये-जा करणाऱ्यांची सुरक्षितता हेही आता विकासाचेच काम आहे, असे मानून ते ग्रामसभेच्या विषयपत्रिकेवर घ्यावे, एवढीच माझी विनंती आहे.