जमीन घेतली की बोजाही येतो

आजची गोष्ट आहे पार अमेरिकेतली, एका लेखकाची. पण ती कामाच्या मोबदल्याची गोष्ट आहे, म्हणून आपल्या गटांसाठी निवडली.

अ‍ॅलन डीन फॉस्टर हे त्या लेखकाचं नाव. जन्म १९४६चा. विज्ञानकथा, म्हणजे अंतराळातली यानं, परग्रहावरचे जीव अशा कल्पनेच्या गोष्टी, हे त्यांचं क्षेत्र. १९६८ साली त्यांनी एका संपादकांना गंमत म्हणून एक लांबलचक पत्र लिहिलं. संपादकांना ते इतकं आवडलं की त्यांनी पैसे देऊन ते कथा म्हणून छापायला घेतलं. तिथून सुरुवात झाली. १९७२मध्ये पहिली कादंबरी आली.

स्वतःच्या कादंबऱ्या ते लिहीत राहिलेच, पण त्यांची ओळख झाली ती एका वेगळ्या कामामुळे. सिनेमा किंवा टीव्ही मालिका निघाली की तिच्यावरून पुस्तक काढायचं. गोष्ट आणि पात्रं कंपनीची, लिहायचं मात्र लेखकानं. आपण गणवेश शिवतो तसंच हे. कापड त्यांचं, माप त्यांचं, शिलाई आपली. पण शिलाई चांगली नसेल तर ते कापड अंगावर बसत नाही, हे आपल्याला माहीत आहे.

‘स्टार ट्रेक’ या कार्टून मालिकेवरून फॉस्टर यांनी १९७४ ते १९७८ या काळात दहा पुस्तकं लिहिली. छोट्या छोट्या भागांना त्यांनी पुस्तकाएवढा जीव दिला. मग ‘स्टार वॉर्स’ आला. सिनेमा लागला १९७७ साली, पुस्तक त्याच्या आधीच, १९७६च्या अखेरीस दुकानात आलं. मुखपृष्ठावर नाव होतं सिनेमाचे दिग्दर्शक जॉर्ज लुकास यांचं. लिहिलं होतं फॉस्टर यांनी. तसं आधीच ठरलेलं होतं आणि त्यांची त्याला हरकत नव्हती.

१९७८मध्ये त्यांनी त्याच गोष्टीचा पुढचा भाग लिहिला. सिनेमा फार चालला नाही तर कमी खर्चात दुसरा काढता यावा, असा त्यात हिशेब होता. म्हणून गोष्ट धुक्यानं भरलेल्या ग्रहावर घडते. धुकं असलं की मागचा देखावा उभारायला पैसे कमी लागतात! पुढे १९७९ साली ‘एलियन’ सिनेमावरचं पुस्तक आलं. त्यातला परग्रहावरचा प्राणी कसा दिसतो हे कंपनीनं त्यांना दाखवलंच नाही. तरी त्यांनी पुस्तक पूर्ण केलं.

आता मोबदल्याचं बघू. अशा पुस्तकांचे काही पैसे आधी मिळतात आणि करारात असेल तर नंतर विकल्या जाणाऱ्या प्रत्येक प्रतीमागे थोडा वाटा मिळतो. त्याला रॉयल्टी म्हणतात. शेत वाट्यानं करतो तसं समजा. जोपर्यंत पीक निघतं, तोपर्यंत वाटा. फॉस्टर यांची ही पुस्तकं चाळीस वर्षांनंतरही विकली जात होती.

मग मालक बदलला. २०१२ साली डिस्ने कंपनीनं ‘स्टार वॉर्स’वाली कंपनी विकत घेतली. २०१९मध्ये ‘एलियन’वालीही घेतली. पुस्तकं बाजारात होतीच, पण फॉस्टर यांच्याकडे पैसे येणं बंद झालं. हिशेबाचा कागदही येईना. त्याच काळात त्यांना कर्करोग झाला होता आणि पत्नीची तब्येतही बरी नव्हती. दवाखान्याचा खर्च समोर उभा होता.

त्यांनी विचारणा केली. लेखकांच्या संघटनेनं सांगितलं त्याप्रमाणे कंपनीचं म्हणणं असं, की आम्ही हक्क विकत घेतले, देणी नाही घेतली. आता तुम्हीच सांगा, सातबाऱ्यावर बँकेचा बोजा असताना कुणी जमीन घेतली आणि म्हणाला, ‘जमीन माझी, बोजा जुन्या मालकाचा’, तर बँक ऐकेल का? शिवाय कंपनीची आणखी एक अट होती. बोलणी सुरू व्हायच्या आधीच, यातलं बाहेर काही सांगणार नाही, अशा कागदावर सही करा. फॉस्टर यांनी सही केली नाही.

ते गेले आपल्या संघटनेकडे. विज्ञानकथा लिहिणाऱ्यांची तिथे जुनी संघटना आहे आणि तेव्हा तिच्या अध्यक्ष होत्या एक बाई, मेरी रॉबिनेट कोवाल. नोव्हेंबर २०२०मध्ये संघटनेनं हे सगळं जाहीर केलं. फॉस्टर यांचं पत्रही लोकांसमोर ठेवलं. वाचकांनी ते उचलून धरलं. मग इतर लेखकही पुढे आले, आमचेही पैसे थांबलेत म्हणाले. २०२१मध्ये लेखकांच्या इतर संघटना सोबत आल्या. गुन्हेकथा लिहिणाऱ्या स्त्रियांना पुढे आणण्यासाठी निघालेली संघटनाही त्यात होती. त्याच वर्षी फॉस्टर यांनी सांगितलं, की आपलं प्रकरण मिटलं.

मैत्रिणींनो, शंभराहून जास्त पुस्तकं लिहिलेला, नावाजलेला माणूस. त्यालाही हक्काच्या पैशासाठी एकट्यानं विचारून उत्तर मिळेना. चार जण सोबत उभे राहिले तेव्हा मिळालं. आणि ते उभे राहू शकले, कारण हातात जुना करार होता. तोंडी बोलण्यावर काम केलं असतं तर संघटनेनं तरी काय दाखवलं असतं?

आपले गट पापड, मसाला, शिलाईच्या ऑर्डरी घेतात. व्यापारी ओळखीचा असतो, म्हणून कागद होत नाही. मग दुकान मुलाच्या नावावर जातं किंवा दुसऱ्याला विकलं जातं आणि नवा माणूस म्हणतो, ‘मला काही माहीत नाही.’ म्हणून दर, नगाची संख्या आणि पैसे देण्याची तारीख लिहून घ्या. धंदा दुसऱ्याच्या हाती गेला तरी हे देणं लागू राहील, ही ओळही घाला. सहीची एक प्रत गटाच्या फाईलमध्ये ठेवा. दर महिन्याला हिशेब मागा. हिशेब यायचा थांबला की समजा, पैसेही थांबणार आहेत. आणि कुणी गप्प राहण्यासाठी सही मागितली, तर घरी एकटीनं सही करू नका. कागद बैठकीत आणा, ग्रामसंघाला दाखवा.

पुढच्या बैठकीत हप्ते गोळा झाले की एक काम करा. गटाची कोणती ऑर्डर सध्या फक्त तोंडी चालली आहे, ते बघा आणि इतिवृत्तात लिहा.