मिराबोची उधारी

(अभ्यासवर्गात केलेलं भाषण)



फ्रेंच राज्यक्रांतीवर बोल म्हणून सांगितलंत. मी मॅट्रिक झालेला गोदी कामगार. अख्खी क्रांती एका पाळीत उचलणं माझ्याच्यानं होणार नाही. म्हणून एकच माणूस उचलतो. ऑनोरे गाब्रिएल रिकेती, मिराबोचा काउंट. म्हणजे तिकडचा सरदार. जन्म १७४९, मृत्यू १७९१. उणीपुरी ४२ वर्षं.

याचा बाप मोठा अर्थपंडित. त्यानं 'माणसांचा मित्र' नावाचं पुस्तक लिहिलं, लोक त्यालाच त्या नावानं ओळखू लागले. आणि या माणसांच्या मित्रानं पोटच्या पोराला राजाची मोहोरबंद चिठ्ठी काढून पुन्हा पुन्हा तुरुंगात घातलं. पोरगं उधळं, कर्जबाजारी, बायकांच्या भानगडीतलं. चौकशी नाही, खटला नाही, चिठ्ठी आली की आत. एकदा मार्सेय बंदरासमोरच्या बेटावरच्या किल्ल्यात. मग १७७७ ते १७८० व्हँसेनच्या किल्ल्यात. बाहेर आल्यावर १७८२ मध्ये त्यानं या चिठ्ठ्यांवर आणि सरकारी तुरुंगांवर पुस्तक छापलं. कोठडीनं त्याला जुलूम दाखवला हे खरं. पण सरदाराला कोठडीतही शाई-कागद मिळतो, हेही ध्यानात ठेवा.

१७८९ साली राजाची तिजोरी रिकामी झाली. त्यानं तीन वर्गांची सभा बोलावली. धर्मगुरू, सरदार आणि उरलेले सगळे. मिराबोच्या नावावर स्वतःची जहागीर नव्हती म्हणून प्रोव्हान्सच्या सरदारांनी त्याला आपल्या पंगतीत बसू दिलं नाही. मग गडी तिसऱ्या वर्गाकडे आला. एक्स आणि मार्सेय, दोन्ही शहरांनी त्याला निवडून दिलं. त्यानं एक्सची जागा घेतली. २३ जूनला राजाचा माणूस सभा उठवायला आला, तेव्हा मिराबो गरजला की आम्ही लोकांच्या मर्जीनं बसलोय, संगिनी लावल्याशिवाय उठणार नाही. सभा उठली नाही.

त्याच उन्हाळ्यात सँ-दोमिंगचे मळेवाले, म्हणजे आजच्या हैतीचे, गुलामांची डोकी मोजून सभेत जास्त जागा मागू लागले. मिराबोनं सवाल टाकला. गुलाम माणसं असतील तर त्यांना मोकळं करा, मत द्या. नसतील तर आम्ही काय आमची घोडी-खेचरं मोजून जागा मागितल्या?

डोकी आपली मोजायची आणि खुर्चीत दुसऱ्यानं बसायचं, हा खेळ आपल्याला कुणी शिकवायला नको. हे वाचलं आणि मला साला हा आपलाच माणूस वाटला.

आता दुसरी बाजू. मिराबोला मंत्री व्हायचं होतं. नोव्हेंबर १७८९ मध्ये सभेनं ठराव केला की सभासदाला मंत्री होता येणार नाही. पुढचं दार बंद झालं. १७९० मध्ये राजवाड्यानं मागचं दार उघडलं. उधारी फेडायला २,०८,००० लिव्र, दरमहा ६,००० लिव्र, आणि सभेचं काम संपल्यावर दहा लाखांचा वायदा. बदल्यात राजा-राणीला गुप्त सल्ले. सभेत लोकांचा वाघ, पडद्याआड राजाचा पगारी.

२ एप्रिल १७९१ ला तो मेला. सारं पॅरिस रडलं. एका चर्चचं थोर माणसांसाठी स्मारक केलं, पाँथेऑन, आणि तिथं पहिला मान यालाच दिला. नोव्हेंबर १७९२ मध्ये राजवाड्याच्या भिंतीतलं लोखंडी कपाट सापडलं. आत कागद. १७९४ मध्ये मिराबोला तिथून बाहेर काढलं आणि ज्याँ पॉल माराला आत नेलं. हा मारा 'लोकांचा मित्र' नावाचं पत्र चालवायचा आणि मिराबो जिवंत असतानाच ओरडत होता, हा विकला गेलाय म्हणून.

मिराबोची वकिली करणारे म्हणतात, त्यानं मत विकलं नाही. राजा असावा पण घटनेनं बांधलेला असावा, हे तो आधीपासून म्हणतच होता. कबूल. मग गुन्हा कुठला? गुन्हा हा की टाळ्या वाजवणाऱ्यांना हिशेब ठाऊक नव्हता. उघड मताशी भांडता येतं. लपवलेल्या पगाराशी कसं भांडणार?

बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ ला घटना समितीत बजावलं होतं की धर्मात भक्ती चालेल, राजकारणात भक्ती अधःपाताकडे आणि हुकूमशाहीकडे नेते. आपण तारीख पाठ केली, इशारा विसरलो.

एक माझं सांगतो. मागं गोदीच्या गेटावर सभेत मी बोललो. कविता म्हटली. टाळ्या पडल्या. टाळ्यांची नशा दारूपेक्षा वाईट. दुसऱ्या दिवशी मुकादमाचा माणूस चहा पाजायला आला. म्हणाला, "लेका, झकास बोलतोस. उधारी किती आहे तुझी?" धमकी नाही, शिवी नाही. फक्त उधारी विचारली. मी नाही म्हटलं आणि उठलो. पण खोटं कशाला बोलू, रात्रभर आकडा डोक्यात फिरत होता.

राजवाडा असो की मुकादम, बोलणाऱ्याला आधी हेच विचारतात. तेव्हा चळवळीनंही विचारावं, पण चारचौघांत. पुढाऱ्याचा हिशेब सतरंजीवर मांडला पाहिजे. ज्याला मांडायचा नाही त्यानं माईक सोडावा.

सुरुवात माझ्यापासून. तीन महिन्यांचं खोलीभाडं थकलंय. वाण्याच्या वहीत दोन पानं माझ्या नावावर आहेत. आता तुम्हाला ठाऊक झालं. उद्या ही उधारी एकदम फिटलेली दिसली, तर मला भर सभेत उभं करून विचारा.

जयभीम.