खोली १६० फुटांची, घर मजल्याएवढं

(गणेशोत्सवात मंडळाच्या सभागृहात केलेलं भाषण)



बडोद्यात बसून मुंबईच्या बी.डी.डी. चाळींवर भाषण कशाला, असं वाटेल. पण आपल्यापैकी बऱ्याच जणांचा एखादा मामा, काका तिथे राहिलेला असतो. आमचे मामा नायगावला होते. गणपतीत आम्ही सगळी भावंडं तिथेच असायचो.

पहिल्या महायुद्धानंतर मुंबईत गिरणी कामगारांना राहायला जागा पुरेना. तेव्हा १९२० साली, गव्हर्नर जॉर्ज लॉइड यांच्या काळात, ‘बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंट’ हे खातं निघालं. त्याचीच आद्याक्षरं बी.डी.डी. पैशासाठी शहरात येणाऱ्या कापसावर गाठीमागे एक रुपया कर बसवला. योजना ५० हजार खोल्यांची होती, झाल्या सुमारे १६ हजार. वरळीला १२१, नायगावला ४२, ना. म. जोशी मार्गावर ३२ आणि शिवडीला १२, अशा एकूण २०७ इमारती.

पुढे स्थापत्याची पदविका घेऊन आम्ही सरकारी नोकरीत लागलो आणि त्या चाळी नव्याने पाहिल्या. गिरगावच्या जुन्या चाळी लाकडी खांबांच्या, लाकडी गॅलरीच्या. इथे मात्र सिमेंट काँक्रीट. तळमजला अधिक तीन मजले, मधून लांब पॅसेज, दोन्ही बाजूंना दहा-दहा खोल्या. खोली १६० चौरस फुटांची, शौचालय सामायिक. कमी खर्चात जास्त खोल्या, एवढाच हिशेब. सुरुवातीला कामगार तिथे यायलाही तयार नव्हते, कितीतरी खोल्या रिकाम्या राहिल्या.

नकाशात तो पॅसेज फक्त जाण्यायेण्याची वाट होती. माणसांनी त्याचं घर केलं. रात्री आम्ही तिथेच अंथरुणं टाकायचो. आरतीला वीसही दारं उघडी असायची. अर्थात सगळंच गोड नव्हतं. रांग टाळायला मामी पहाटे चारला उठायच्या. आता तिथे ५०० चौरस फुटांची घरं मिळताहेत, ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीच्या ५५६ कुटुंबांना किल्ल्याही मिळाल्या. त्याचा आनंदच आहे. मामींना मात्र ते बघायला मिळालं नाही.

हे आज सांगायचं कारण, दांडिया बाजारातला आमचा वाडाही आता पाडायचा आहे. बिल्डरचा नकाशा आला. खाली पार्किंग, वर फ्लॅट. चौक नाही, ओटा नाही. वाड्याचा गणपती बसवायचा कुठे? आम्ही सुचवलं की प्रत्येक घराने थोडी जागा सोडावी आणि तळमजल्यावर एक मोकळी खोली ठेवावी. नऊपैकी पाच घरं तयार आहेत, चार नाहीत. त्यांचंही चुकत नाही, फुटाचा भाव सगळ्यांना ठाऊक आहे.

तुमच्यापैकी अनेकांच्या घरी असा नकाशा आज ना उद्या येईल. सही करण्याआधी एवढंच बघा, चार शेजारी एकत्र बसतील अशी जागा त्यात आहे का. एकदा स्लॅब पडला की ती नंतर काढता येत नाही.

मंगलमूर्ती मोरया!