निर्माती कोण?

(शहापूर-मुरबाड तालुक्यांतल्या महिला मेळाव्यात केलेल्या भाषणाचा संक्षेप)



आज मी सिनेमाबद्दल बोलणार म्हटल्यावर काहीजणी हसलात. वनपट्टे, रेशन, दारूबंदी सोडून हे काय मध्येच? पण थोडं ऐका. सिनेमा बघताना आपण नटीकडे बघतो. निर्माता कोण, ते बघत नाही. निर्माता म्हणजे पैसा उभा करणारा, माणसं जमवणारा, तोटा आला तर सोसणारा. आणि काम ज्याच्या नावावर लागतं, तो.

१९१३ साली दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला. त्यासाठी त्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंनी अंगावरचे दागिने दिले. काम करणाऱ्या सगळ्या मंडळींचा स्वयंपाक केला. फिल्मच्या पट्टीला भोकं पाडायचं कामही त्या शिकल्या. पडद्यावर मात्र बाई नव्हतीच. तारामतीचं काम साळुंके नावाच्या पुरुषाने केलं. निर्माते म्हणून नाव राहिलं ते फाळक्यांचं. सरस्वतीबाईंचे कष्ट ‘घरच्यांची मदत’ ठरले. भातलावणीला दिवसभर चिखलात वाकणाऱ्या बाईला आपल्याकडे काय म्हणतात? शेतकऱ्याची बायको! शेतकरी म्हणत नाहीत.

पुढे १९३२ साली हीच गोष्ट प्रभात कंपनीने ‘अयोध्येचा राजा’ या बोलपटात सांगितली. या वेळी तारामती झाल्या दुर्गा खोटे. मुंबईतल्या सुखवस्तू घरातल्या, कॉलेजात गेलेल्या. सासरची परिस्थिती ढासळली, पदरी दोन मुलगे, म्हणून त्या कामाला बाहेर पडल्या. १९३१ साली पहिल्या सिनेमात काम केलं तेव्हा चांगल्या घरच्या बाईने तोंडाला रंग फासला म्हणून लोकांनी बोल लावले. त्या मागे फिरल्या नाहीत.

त्या काळी नट-नट्या एकाच कंपनीच्या पगारावर बांधलेल्या असत. दुर्गाबाईंनी स्वतःला असं बांधून घेतलं नाही. प्रभातमध्ये काम केलं, कलकत्त्याला जाऊनही केलं. काम कुठे करायचं, ते त्या स्वतः ठरवत. वीटभट्टीवर उचल घेऊन गेलेल्या बाईला याचं मोल मी सांगायला नको. तिथे राबतात नवरा-बायको दोघं, पण हिशेब होतो नवऱ्याशी.

दुर्गाबाई एवढ्यावर थांबल्या नाहीत. १९३७-३८च्या सुमारास ‘साथी’ या सिनेमाच्या निर्मितीत त्या उतरल्या. पुढे स्वतःची संस्थाच काढली, आणि तिला नाव दिलं ‘दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स’. कुणा देवाचं नाही, बापाचं नाही, मुलाचं नाही. स्वतःचं! या संस्थेने माहितीपट केले, जाहिरातपट केले. १९८८ साली दूरदर्शनवर ‘वागले की दुनिया’ लागायची, आठवते ना? तीही याच संस्थेची. पडद्यावर त्या ‘मुगल-ए-आझम’मधली जोधाबाई म्हणून लक्षात राहिल्या. १९८३ साली त्यांना सन्मान मिळाला तोही दादासाहेब फाळक्यांच्याच नावाचा. तो ऐकला की मला सरस्वतीबाई आठवतात.

तुम्ही म्हणाल, ती शिकलेली, मोठ्या घरची. आमचं तसं आहे का? खरं आहे. तिच्यामागे शिक्षण होतं, ओळखी होत्या. कातकरीण, ठाकरीण बाईला यातलं काही मिळालेलं नाही. दुर्गाबाईंसारखं धाडस करा, एवढंच सांगून मी गेले तर ती फसवणूक होईल. नाव लागायला धाडस लागतं, तसा कायदाही लागतो, आणि शेजारी उभी राहणारी संघटनाही.

कायदा आहे. २००६च्या वनहक्क कायद्यात लिहिलंय की लग्न झालेलं असेल तर पट्टा नवरा-बायको दोघांच्या नावे झाला पाहिजे. एकटी बाई घर चालवत असेल तर तिच्या एकटीच्या नावे. ही कुणाची मेहेरबानी नाही. रान साफ करताना, नाचणी पेरताना, राखण करताना बाई होतीच.

म्हणून आज घरी गेल्यावर एक करा. पेटीतला पट्ट्याचा कागद काढा. वाचता येत नसेल तर शाळेत जाणाऱ्या लेकीकडून वाचून घ्या. आपलं नाव आहे का? लिहिलंय ते बरोबर आहे का? नसेल तर पुढच्या बैठकीला तो कागद घेऊन या. सगळ्यांचे अर्ज एकत्र लिहू आणि एकत्रच द्यायला जाऊ.

सरस्वतीबाईंचं नाव आपण आज इथे घेतलं. आपलं नाव घ्यायला शंभर वर्षं थांबायचं नाही.